धामणीच्या काठ्यांचा मिस्त्री

काठी लाकडाची नाही हे मुंजाजीच्या डोळ्यांना कळलं नाही, नखाला कळलं.

इंजिनीअर साहेब विलायतेची रजा संपवून परत आले होते आणि येताना गोल्फच्या नव्या काठ्यांचा अख्खा संच घेऊन आले होते. क्लबाच्या पडवीत त्या काठ्या ओळीने भिंतीला टेकवून ठेवल्या होत्या. रंग मधासारखा, अंगावर लाकडाला असतात तशा बारीक रेषा, मुठीला कोरं कातडं. मुंजाजीने त्यातली एक उचलली, सवयीप्रमाणे कानाशी धरली आणि टिचकी मारली. लाकूड टिचकीला ठक् म्हणतं. ही काठी पितळी लोटा वाजावा तशी वाजली. मग त्याने मुठीच्या खाली अंगठ्याचं नख रोवलं. मधाचा रंग दुधावरच्या सायीसारखा उचकला आणि आत पांढरंफेक पोलाद चमकलं.

"अण्णा, हे तर लोखंड हाय की!" तो म्हणाला. "मंग ह्याला लाकडाचं सोंग कशापायी दिलंय?"

अण्णाराव परभणीच्या बाजारातले लिंगायत व्यापारी. क्लबाचा सोडा, चेंडू, दिवाबत्तीचं तेल, सगळं त्यांच्या दुकानातून येई आणि विलायती मालाची चित्रांची पुस्तकंही त्यांच्याकडेच येत. कपाळावर भस्माचे पट्टे आणि जिभेवर कायम काहीतरी तिरकं.

"सोंग न्हाई दिलं तर म्हातारे साहेब बिचकतेत," ते म्हणाले. "त्यांना जन्मभराची लाकडाची सवय. नवी सून पहिलं वरीस पदर डोक्यावरनं ढळू देती का? रुळली की मंग बघ तिचा थाट. ह्या काठ्यांचा रंग बी दोन वर्सांनी जाईल आन् उघडं लोखंड मिरवत येईल."

"आन् माझं काय?"

अण्णाराव हसता हसता थांबले. "तुझं मला काय पुसतूस? ह्या काठ्यांना पूस."

हे सन छत्तीसच्या पावसाळ्यानंतरचं.

मी ही हकिकत मुंजाजीच्या तोंडून ऐकलेली नाही. त्याच्या बायकोकडून, झुंबरबाईंकडून ऐकली. निजामाचं राज्य जाऊन बरीच वर्षं झाली होती, क्लबाच्या रानात घरं उभी राहिली होती, आणि झुंबरबाई आमच्या ओसरीवर गोधडीला टाके घालत बसत. त्यांचा दोरा इतका घट्ट आणि सारखा बसायचा की मी एकदा विचारलं, हा हात कुठे बसला? त्या म्हणाल्या, "साहेबाच्या काठीवर." मग टाक्याटाक्याने सगळं बाहेर आलं.

मुंजाजी पिंगळीचा सुतार. परभणीच्या पुढचं स्टेशन ते पिंगळी. गावची सुतारकी त्याच्या घराण्यात. कुळव, तिफणी, गाडीची चाकं, वर्षभर गावाचं काय मोडेल ते नीट करायचं आणि सुगीत खळ्यावर जाऊन धान्याचं बलुतं घ्यायचं. खळ्यावर धान्य घालताना बलुतेदाराचं नाव मोठ्याने घेण्याची त्या गावात रीत होती. "मुंजाजी सुताराचं!" अशी हाक उठायची आणि मग सूप ओतलं जायचं. नाव नाही तर सूप नाही.

एकदा रेल्वेच्या कामावर आलेल्या एका साहेबाची खेळायची काठी पिंगळीच्या मुक्कामात मोडली. लहानसा टणक चेंडू काठीने हाणत हाणत लांबच्या भोकात घालायचा, असा तो खेळ. काठीचा दांडा अमेरिकेतल्या कुठल्याशा झाडाचा होता. मुंजाजीने तो हातात वाकवून पाहिला, मान हलवली आणि जिंतूरच्या डोंगरातून आणून वाळवलेला धामणीचा दांडा त्याला बसवला. धामण म्हणजे आमच्याकडचं झाड. कावडीला, चाबकाच्या दांडीला तिच्यासारखं लाकूड नाही. वाकतं आणि परत येतं. साहेबाने चेंडू हाणला आणि तो तुरीच्या शेतापलीकडे जाऊन पडला. तिथून मुंजाजीचं नशीब परभणीकडे वळलं.

परभणीला कापसाच्या जिन-गिरणीपलीकडे पडीक रान होतं. तिथे अंमलदारांचा, गिरणीवाल्यांचा आणि रेल्वेच्या साहेबांचा छोटासा क्लब. हिरवळ वगैरे काही नाही; भोकांभोवती तेल पाजलेली वाळू अंथरलेली, बाकी काळी माती. उन्हाळ्यात तिला भेगा पडत आणि चेंडू भेगेत गेला की माळी हात घालून काढी. त्या हवेत लाकडी काठी टिकणं मुश्किल. चैत्रात सुकून डोकं सैल व्हायचं, श्रावणात फुगून दांडा वाकडा. म्हणूनच मुंजाजीला बारा महिने काम. शेकून सरळ करायचं, जवसाचं तेल पाजायचं, सांध्यावर डांबरी दोरा गुंडाळायचा. दोरा गुंडाळायचं काम झुंबरबाईंचं. चुलीपुढे बसून, पायाच्या अंगठ्याला एक टोक अडकवून त्या असा दोरा ओढत की सांधा दगडासारखा होई.

काठ्यांना तेव्हा नावं होती. ब्रासी, मॅशी, निब्लिक. मुंजाजीला नावं धड उच्चारता येत नव्हती, पण कुठली काठी कुठल्या साहेबाची, कुणाच्या हाताला जड लागते, कुणाला मऊ दांडा चालतो, हे त्याला दावणीच्या बैलांसारखं ठाऊक. क्लबाने त्याला पडवीमागची खोली दिली. साहेबांचा मिस्त्री म्हणून चावडीवरचा शिपाई त्याला वेठीला धरीनासा झाला, ही तर त्याहून मोठी गोष्ट. गिरदावराचा, म्हणजे महसुलाच्या फिरत्या अंमलदाराचा, तळ पडला की पंचक्रोशीतले सुतार तंबूच्या खुंट्या ठोकायला फुकट राबत, आणि मुंजाजी सावलीत बसून काठीला तेल चोळत असे.

गाव मात्र खोळंबू लागलं. एका मृगात पेरणी तोंडावर आली, तिफणी मोडून पडल्या आणि मुंजाजी क्लबाच्या सामन्याला परभणीत अडकलेला. पाटलाने बोलावून विचारलं, "तू गावाचा सुतार हायस का साहेबाचा? एक काय ते सांग."

मुंजाजीने सांगितलं. मारुतीच्या पारावर नारळ दिला आणि बलुतं चुलतभावाच्या, लिंबाजीच्या हवाली केलं. लिंबाजी धाकटा, जरा धसमुसळा, पण कामाला वाघ.

"म्या तवाच म्हनलं व्हतं," झुंबरबाई मला सांगत. "आवं, खेळ हाय त्यो. उद्या साहेबाला कटाळा आला तर? नांगराचा कुनाला कटाळा येतो का? तर म्हनले, तुला काय कळतंय, चुलीपुढची तू."

त्याला पुरती तीन वर्षंही झाली नव्हती आणि पोलादी काठ्या आल्या.

*

पहिले काही महिने मुंजाजी स्वतःची समजूत घालत राहिला. एका साहेबाची हौस आहे, बाकीचे कुठे घेतात. मग गिरणीच्या मॅनेजराने घेतल्या. मग तालुकदार साहेबांनी हैदराबादेहून मागवल्या. अण्णाराव चित्रांचं पुस्तक उघडून दाखवत.

"हे बघ. आता नावं बी गेली. एक नंबर, दोन नंबर, अशा नऊ. सगळ्या एका आईच्या लेकी, एका वजनाच्या. काठी मोडली तर नंबर लिहून धाडायचा, तशीच दुसरी येती."

"डब्यासारखं झालं म्हना की. मालगाडीच्या."

"तसंच. मिस्त्री लागतोय का डब्याला?"

"चाक तर लागतंय न्हवं बसवायला," मुंजाजी म्हणाला. पण त्याचा आवाज खाली गेला होता.

पोलाद उन्हाळ्यात सुकत नव्हतं आणि पावसाळ्यात फुगत नव्हतं. चैत्र आला. दरसाल चैत्रात त्याच्या खोलीपुढे सैल काठ्यांचा भारा पडायचा. यंदा एक म्हातारा डॉक्टर सोडला तर कुणाची काठी आली नाही. डॉक्टरही पुढे बदलून गेला. वाळवून ठेवलेली धामण आढ्याला तशीच टांगलेली. मुंजाजी रोज ती खाली काढी, तेल चोळी, परत टांगी. झुंबरबाई म्हणाल्या, "आवं, लिंबाजीभावजीकडं एकडाव जाऊन तर या. गावात दोन हातांना काम असतंय."

"दिलेलं मागू व्हय? पारावर दिलंय. सगळ्या गावानं बघितलंय."

"मागू नका. नुसतं जाऊन बसा."

तो गेला नाही. जेवणही उतरेना. भाकरीचा तुकडा हातात घेऊन बसायचा आणि मध्येच उठून पडवीत जाऊन त्या मधाच्या रंगाच्या काठ्यांकडे बघत राहायचा. बाईने सवतीकडे बघावं तसं, असं झुंबरबाई म्हणत आणि म्हणून झाल्यावर स्वतःच हसत.

मार्गशीर्षात इंजिनीअर साहेबांची एक काठी वाकली. टांग्यातून उतरताना खाली पडली आणि चाक वरून गेलं. पाच नंबरची काठी, साहेबांची लाडकी. नाताळाच्या सुट्टीत जालन्याच्या साहेबांशी सामना ठरलेला. नवी काठी यायला मुंबईहूनही वेळ लागणार. साहेबांनी ती वाकडी काठी मुंजाजीपुढे धरली. मोडकंतोडकं हिंदुस्थानी ते बोलत.

"मिस्त्री, सीधा होगा?"

अण्णाराव शेजारीच उभे होते. त्यांनी मुंजाजीकडे पाहून डोळ्यांनी नको म्हटलं. मुंजाजीने ते पाहिलं.

"होगा साब," तो म्हणाला.

"यह काम करेगा तो तुम लोहे का भी मिस्त्री. नहीं तो," साहेबांनी खांदे उडवले, "कमरा सामान के वास्ते चाहिए."

साहेब गेल्यावर अण्णाराव उखडले. "आरं, तू लाकडाचा माणूस! म्हन की, हे माझं काम न्हवं. हात जोडले असते तर दोन म्हैने खोली तरी ऱ्हायली असती. शब्द कशाला दिऊन बसलास?"

"गाडीच्या चाकाला लोखंडी धाव कोन चढवतंय, अण्णा? लोखंड माझ्या हाताखालनं गेल्यालं न्हाई व्हय?"

"चाकाची धाव आन् हे एक व्हय रं?"

"लोखंड ते लोखंड."

*

वाकलेली काठी त्याने आधी बाभळीच्या दोन फांद्यांमध्ये अडकवून दाबून पाहिली. पोलाद कुरकुरलं आणि वाकल्या जागी नळी चपटी होऊ लागली. तो घाबरून थांबला. लाकडी दांडा वाकला की तो निखाऱ्यावर शेकून सरळ करायचा. त्याच्या हातांना तेवढाच रस्ता माहीत. लोखंडाला शेक द्यायचा तर तो मोठा हवा, आणि मोठी आग पिंगळीत होती. चाकाच्या धावेची.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने तो काठी धोतराच्या पानात गुंडाळून पिंगळीला उतरला. झुंबरबाई सोबत. लिंबाजी अंगणात नांगराचा दांडा तासत होता. त्याने हातातलं टाकलं.

"दादा! आन् वैनी बी! सूर्व्य कुनीकडनं उगवला म्हनायचा? आमाला वाटलं, तुमी आता टोपी घालूनच येताव."

"टोपी ऱ्हाऊ दे. आग पाह्यजे," मुंजाजी म्हणाला आणि काठी पुढे केली.

लिंबाजीने ती उलटीपालटी करून पाहिली. "एवढीशी काटकी? हिला तर शेजारच्या बायनाकाकीचं चूलवान बी बस. मोठी आग कशाला?"

"सगळीकडं सारखी तापली पाह्यजे. जागच्या जागी तापवली तर पुन्हा तिथंच वाकती."

हे खरं होतं, लाकडाच्या बाबतीत.

दोघांनी काठीचं डोकं आणि मुठीचं कातडं उतरवलं. चाकाच्या धावेसाठी करतात तशी गोवऱ्यांची रास रचली, मध्ये काठी निजवली, वर पुन्हा गोवऱ्या. आग धरली आणि एकदम भक्कन ज्वाळा उठली. मधाचा तो रंग पेटला होता, त्या विलायती लेपात कापूर असणार, आणि अंगणभर कापराचा वास पसरला. खरा, देवळातल्यासारखा कापराचा वास. लिंबाजी हात जोडून म्हणाला, "चला दादा, साहेबाच्या काठीची आरती झाली. परसाद कुठाय?"

मुंजाजी हसला. कितीतरी महिन्यांनी हसला. झुंबरबाई सांगायच्या, त्या सकाळी दोघे भाऊ परत पोरवयातले वाटत होते. हाका मारत होते, एकमेकाला ढकलत होते. गोवऱ्यांच्या आत काठी लाल झाली तशी दोघांनी सांडशीने उचलली, सपाट दगडावर निजवली, लाकडी मोगरीने हळूहळू ठोकत फिरवली. दोरी ताणावी तशी सरळ झाली. मुंजाजीने एक डोळा मिटून तिच्यावरून नजर फिरवली.

"मार पानी," लिंबाजी म्हणाला.

धाव तापली की पाणी मारायचं, ही सुताराच्या घरात दुधासोबत शिकवलेली गोष्ट. पाणी मारलं की लोखंड आवळतं आणि चाकाला बसतं. वाफ उठते, बघायला जमलेली माणसं ओरडतात, काम झालं. मुंजाजीने घागर उचलली. इथे आवळायला आत चाक नव्हतं, हे दोघांपैकी कुणाच्याच मनात आलं नाही. चर्र झालं. पांढरी वाफ उठली. शेजारच्या दोन बायका कुंपणाशी येऊन बघू लागल्या आणि त्यांच्यासाठी म्हणून लिंबाजी विनाकारण ओरडला, "बसली, बसली!"

मग मुंजाजीने लाख आणि काजळी खलून काठीला पुन्हा लाकडाचा रंग दिला. झुंबरबाईंच्या केसांचा कुंचला करून त्याने रेषा ओढल्या, मध्येच एक गाठसुद्धा काढली, खऱ्या लाकडाला असते तशी. "विलायतेच्या सोंगापक्षी आमचं सोंग लय भारी व्हतं," झुंबरबाई म्हणायच्या. सांध्यावर दोरा त्यांनीच ओढला.

साहेबांनी काठी पाहिली, सरळपणा पाहिला, आणि ती रंगातली गाठ पाहून मोठ्याने हसले. मुंजाजीच्या पाठीवर थाप मारली. अण्णाराव एवढंच म्हणाले, "देव करो आन् तुझंच खरं होवो." मुंजाजी त्या दिवशी पोटभर जेवला.

*

सामन्याला क्लबाच्या रानात खुर्च्या मांडल्या होत्या. एका बाजूला शाळूचं पीक पुरुषभर उंच उभं. मुंजाजी धुतलेलं मुंडासं बांधून माळ्यांच्या रांगेत उभा होता. सुरुवातीला साहेबांनी दुसऱ्याच काठ्या वापरल्या. मग एका जागी त्यांनी हात मागे केला आणि पाच नंबर मागितली.

काठी वर गेली. खाली आली. चेंडूला लागल्याचा आवाज आला, आणि त्याच्यातच दुसरा एक आवाज, बांगडी फुटावी तसा. साहेबांच्या हातात मूठ आणि हातभर नळी उरली. बाकीची नळी तुकडे होऊन वाळूत पडली, आणि डोकं भिरभिरत शाळूच्या पिकात गेलं. चेंडू कुठे गेला ते कुणी पाहिलं नाही.

साहेबांनी तुटलेलं टोक डोळ्यांजवळ नेलं. आतून ते खडीसाखरेसारखं कणीदार दिसत होतं; लाल पोलादावर पाणी मारलं की ते असं ठिसूळ होतं. त्यांनी मुंजाजीला बोटाने बोलावलं.

"आग में डाला?"

"हौ साब."

"पानी?"

"हौ साब. दस्तूर है साब. धाव को मारते हैं."

साहेबांना धाव कळली नाही. ते जालन्याच्या साहेबांकडे वळून इंग्रजीत काहीतरी बोलले, आणि सगळे हसले. वाईट हसले नाहीत. गंमत झाल्यावर हसतात तसे. मग दुसरी काठी घेऊन खेळ पुढे गेला.

मुंजाजी शाळूत शिरला. काठीचं डोकं सापडलं पाहिजे, एवढंच त्याच्या डोक्यात राहिलं. डोकं सापडलं तर त्याला आपण धामणीचा दांडा बसवू, साहेब एकदा हाणून बघतील, धामण कशी परत येते ते त्यांच्या हाताला आठवेल. धाटं बाजूला सारत, गुडघ्यांवर बसून, ढेकळं उलथत तो ओळीमागून ओळ चाचपत होता. पानांनी तोंड कापलं. मुंडासं कुठे पडलं त्याचा पत्ता नाही. बाहेर टाळ्या वाजल्या, सामना संपला, सोड्याच्या बाटल्या उघडल्याचे आवाज आले. टांगे गेले. त्याला शोधायला झुंबरबाई पिकात आल्या तेव्हा तो काठीचं डोकं छातीशी धरून बसला होता.

"सापडलं," तो म्हणाला. "कुठं गेले साहेब?"

पडवीत अण्णाराव एकटेच खुर्च्या मोजून घेत होते. मुंजाजीने डोकं त्यांच्यापुढे धरलं. "अण्णा, म्या ह्याला धामण बसवतो. उद्या सकाळच्याला देतो. तुमी नुसतं सांगा त्यांना."

अण्णारावांनी ते हातात घेतलं नाही. "मुंजाजी, खोली मोकळी कर."

"खोली घ्या. पडवीत पडतो. वाळूला तेल पाजतो. चेंडू धुतो."

"त्याला माळी हायत."

"माळ्याच्या हाताखाली ऱ्हातो, अण्णा." आणि त्याने अण्णारावांचे पाय धरले.

अण्णाराव तिरकं काही बोलले नाहीत. वाकून त्यांनी त्याचे हात सोडवले. "शिव शिव, उठ रं. माझ्या हातात असतं तर तुला पाया पडू दिलं असतं व्हय? उठ. बाई बघायली तुझी."

धामणीचा भारा क्लबाने ठेवून घेतला. माळ्याने त्याचे वाल चढवायला मांडव केले.

*

पिंगळीला परत आल्याला आठवडाही झाला नसेल, चावडीचा शिपाई दारात उभा राहिला. गिरदावराचा तळ राणीसावरगावच्या वाटेवर पडला होता. "चल, मिस्त्री. आता कुठला साहेब सांगतूस?" मुंजाजी मोगरी घेऊन त्याच्यामागे गेला. खुंट्या ठोकून आला तेव्हा दोन्ही तळहात फुटलेले होते. काठ्यांनी हात मऊ केले होते त्याचे.

लिंबाजीच्या जिवाला ते लागलं. तो स्वतः मुंजाजीला घेऊन पाटलाकडे गेला.

"पाटील, पानी मार म्हनून मी बोललो व्हतो. दादाची चूक न्हाई. बलुतं आमी दोघं निम्मं निम्मं खातो."

"हात माझा व्हता," मुंजाजी म्हणाला. "त्याला मधी घालू नका."

पाटलाने दोघांचं ऐकून घेतलं. माणूस वाईट नव्हता, पण गावाचा माणूस होता. "लिंबाजी, मृगात कुनाची तिफण खोळंबली का गेल्या तीन वर्सांत? न्हाई. मंग गाव तुलाच वळखतंय. तू तुझ्या ताटातलं कुनाला बी दे, मी कोन नको म्हननारा? पर नाव एकाचंच. दोन नावं घेतली तर उद्या कुंभार म्हनंल माझी बी दोन, परीट म्हनंल माझी बी दोन."

वाटेत लिंबाजी रडला. मुंजाजी रडला नाही. घरी येऊन त्याने लिंबाजीच्या छपरात खाली बसून विचारलं, "काय करू सांग." धाकट्याला विचारलं. लिंबाजीने मान खाली घालूनच एका मोडक्या जुवाकडे बोट दाखवलं.

फाल्गुनात खळी लागली. लिंबाजीची बायको बाळंत होती, म्हणून बलुतं आणायला झुंबरबाई गेल्या. खळ्याच्या मधल्या मेढीला, बैल ज्याच्याभोवती फिरतात त्या खांबाला, पाचर ठोकायला लिंबाजीने मुंजाजीला पाठवलेलं, तो तिथेच वाकून काम करत होता. शाळूची रास पडली होती. आधी कुंभाराचं नाव निघालं, मग न्हाव्याचं. सूप धरून बसली होती ती खळ्याच्या मालकाच्या घरची म्हातारी, छबूबाई. तिला दिसत नव्हतं, ऐकू कमी येत होतं. झुंबरबाईंनी पदर पसरला.

"कुन्या घरचं गं? नाव सांग."

झुंबरबाईंच्या तोंडाशी दुसरंच नाव आलं होतं. लग्न होऊन आल्यापासून त्या खळ्यांवर तेच ऐकलेलं. नवऱ्याचं नाव त्यांनी स्वतः कधी घेतलं नव्हतं, गावच घ्यायचं. मागे मोगरीचा आवाज थांबला.

"सांग की बाई, सूप जड हाय."

"लिंबाजी सुताराचं," झुंबरबाई पुटपुटल्या.

म्हातारीने कान पुढे केला. "आँ? कुनाचं?"

झुंबरबाईंना वाटलं पदर सोडून निघून जावं. तेवढ्यात मेढीपाशी वाकलेला मुंजाजी तसाच, मान वर न करता म्हणाला,

"मोठ्यानं सांग. म्हातारीला ऐकू येत न्हाई."

मग त्यांनी मोठ्याने सांगितलं. सगळ्या खळ्याला ऐकू गेलं, आणि म्हातारीने सूप ओतलं.